मेणकापड : घरी करताना अडतं कुठे?

अन्न गुंडाळून ठेवायचं मेणकापड म्हणजे मधमाशीचं मेण, राळ आणि तेल मुरवलेलं सुती कापड. ते घरी करून पाहणाऱ्या वाचकांच्या पत्रांतले निवडक प्रश्न इथे घेतले आहेत. बहुतेकांची तक्रार एकच आहे. इंटरनेटवरची कृती जशीच्या तशी केली आणि कापड एकतर ताठ झालं, नाहीतर तेलकट. अशा वेळी चूक करणाऱ्याची नसते, प्रमाणाची असते. त्या कृती थंड हवेच्या देशांत बेतलेल्या असतात आणि आपल्याकडे एप्रिलमध्ये स्वयंपाकघरातलं खोबरेल पाण्यासारखं असतं.

घरात ओव्हन नाही. नेमकं प्रमाण आणि सोपी पद्धत सांगाल का?
– एक वाचक, ठाणे

३० × ३० सेंटिमीटरच्या चार ते पाच तुकड्यांसाठी ४० ग्रॅम मेण, १५ ग्रॅम चिडाची (पाइनच्या झाडाची) राळ आणि चहाचा एक चमचा (सुमारे ५ ग्रॅम) खोबरेल तेल घ्या. वजनकाटा हवाच. किसलेलं मेण वाटीने मोजलं तर किसणी बारीक की जाड यावर वजन बदलतं आणि मग पुढचं सगळंच बिघडतं.

कापड शंभर टक्के सुती, पॉपलिन किंवा केंब्रिकच्या जाडीचं असावं. मलमल फार विरळ पडते आणि जाड चादर मेण पीत राहते. धुऊन धुऊन मऊ झालेला जुना सुती अभ्रा उत्तम. नवं कापड असेल तर गरम पाण्यात साबणाने दोनदा धुवा. त्यातली खळ निघाली नाही तर मेण आत न मुरता वरच्यावर बसतं. कपडे मऊ करायचं द्रावण मात्र वापरू नका. टेरिकॉटची शंका असेल तर कडेचा एक धागा जाळून पाहा. सुती धाग्याला जळक्या कागदाचा वास येतो आणि चिमटीत मऊ राख उरते, पॉलिस्टरची कडक गुठळी होते. रंगीत कापडावर ओलं पांढरं फडकं ठेवून इस्त्री फिरवा. फडक्याला रंग लागला तर ते कापड अन्नासाठी बाद. खडीकाम, सोनेरी छपाई, जर यांचंही तसंच.

राळ खलबत्त्यात कुटून पूड करा. एका पातेल्यात पाणी उकळत ठेवून त्यात दुसरं लहान, जुनं स्टीलचं पातेलं ठेवा आणि मेण, राळ, तेल एकत्र घाला. इथे घाई नडते. मेण ६२ ते ६४ अंश सेल्सिअसला वितळतं, पण राळ ७० ते ८० अंशांच्या आसपास नुसती मऊ व्हायला लागते. त्यामुळे मेण पातळ झालं म्हणजे मिश्रण झालं असं नाही. लाकडी काडीने तळ ढवळत राहा आणि तळाशी चिकट गोळा लागेनासा होईपर्यंत, साधारण वीस मिनिटं ते अर्धा तास, थांबा. पातेलं थेट आचेवर कधीही ठेवू नका आणि गॅस सोडून जाऊ नका. मेणाने पेट घेतलाच तर गॅस बंद करून झाकण ठेवायचं, पाणी ओतायचं नाही.

आता पसरवण्याचं काम. मोठ्या पातेल्यात पाणी उकळत ठेवून त्यावर सपाट तळाची परात ठेवा. वाफेने परातीचा तळ चांगला तापतो आणि ओतलेलं मेण लगेच गोठत नाही. कापड परातीत पसरा, मध्यभागी दोन-तीन चमचे मिश्रण घाला आणि रुंद ब्रशने कडांपर्यंत ओढा. मुरलेला भाग ओल्या कापडासारखा गडद दिसतो, कोरडा भाग फिका राहतो. फिके ठिपके उरले नाहीत की वर दुसरा कोरा तुकडा ठेवून ब्रशने दाबा. जास्तीचं मेण तो पितो आणि पुढच्या तुकड्याची अर्धी तयारी आपोआप होते. मग दोन चिमट्यांनी कोपरे धरून कापड उचला आणि हवेत अर्धा-एक मिनिट हलवा. ते तेवढ्यात घट्ट होतं. रात्रभर दोरीवर राहू द्या, वासही उतरतो.

इस्त्रीने करायचं असेल तर खाली-वर सिलिकॉनचा लेप असलेला बेकिंग पेपर घ्या. बटर पेपर म्हणून मिळणारे सगळेच कागद तसे नसतात, साधा कागद राळेला चिकटून फाटतो. इस्त्री सिल्कच्या खुणेवर ठेवा आणि वाफ बंद करा.

झालेलं कापड नीट झालं का, हे काट्यावर कळतं. कोरा तुकडा १० ग्रॅम असेल तर तयार तुकडा २२ ते २५ ग्रॅम भरावा. त्याहून जड झाला तर मेणाचे पापुद्रे निघतील, हलका राहिला तर पाणी आत शिरेल.

पातेलं गरम असतानाच जुन्या कागदाने पुसून घ्या. उरलेलं मेण मोरीत किंवा सिंकमध्ये ओतलं तर ते पाइपात जाऊन गोठतं, आणि मग प्लंबरशिवाय गत्यंतर नाही. राळेचा चिकटा थोडं तेल चोळून किंवा स्पिरिटने निघतो, पण स्पिरिट वापरताना गॅस बंद हवा. तरी हे पातेलं आणि ब्रश यापुढे याच कामाला ठेवावेत हे बरं.

माझं कापड पुठ्ठ्यासारखं ताठ झालं. वाटीवर दाबलं तर चिकटत नाही आणि घडीवर मेणाचा भुगा पडतो.
– एक वाचक, नाशिक

तुम्ही नुसतं मेण वापरलं आहे. मेणाचं काम पाणी अडवण्याचं. हाताच्या उबेने कापड वाटीच्या काठाला धरून राहतं ते राळेमुळे, आणि घडी पडली तरी तडकत नाही ते तेलामुळे.

कापड फेकू नका. चार तुकड्यांसाठी १५ ग्रॅम राळ, ५ ग्रॅम तेल आणि १० ग्रॅम मेण एकत्र वितळवून प्रत्येक तुकड्यावर पातळ फिरवा. मग दोन तुकड्यांच्या मध्ये एक कोरं कापड घालून बेकिंग पेपरमधून इस्त्री करा. जुनं मेण नव्या मिश्रणात मिसळतं आणि जास्तीचं कोऱ्या कापडात उतरतं. राळ मिळतच नसेल तर ताठ कापडाचाही उपयोग आहे. भांड्यावर झाकण म्हणून ठेवा आणि भोवती रबर किंवा सुतळी बांधा. त्याला चिकटायची गरजच नाही.

राळ मागितली तर दुकानदार धूपाची राळ देतो. ती चालेल का?
– एक वाचक, कोल्हापूर

नको. काष्ठौषधींच्या दुकानात राळ म्हणून बहुधा सालवृक्षाची राळ मिळते. धूपासाठी ठेवलेल्या मालात साल, माती, काड्या असतात, आणि तो अन्नाला लागेल या हिशोबाने साफ केलेला नसतो. तुम्हाला हवी आहे ती चिडाच्या, म्हणजे पाइनच्या चिकापासून टर्पेंटाइन काढून घेतल्यावर उरणारी राळ. हिमाचल आणि उत्तराखंडातल्या चिडाच्या जंगलांतून ती येते. दिसायला खडीसाखरेच्या मोठ्या खड्यासारखी, पण मधाच्या रंगाची आणि आरपार दिसणारी. साबण, मेणबत्त्यांचं सामान विकणाऱ्या दुकानात ‘गम रोझिन’ म्हणून मागा आणि खाद्यवस्तूंना चालेल अशा दर्जाची आहे का, ते लेबलवर पाहा.

सोल्डरिंगची पेस्ट म्हणजे राळ नव्हे, तिच्यात इतर रसायनं असतात. व्हायोलिनच्या गजाला लावायच्या वडीतही कधी कधी दुसरे पदार्थ मिसळलेले असतात, तीही टाळा.

एक सावधगिरी. चिकटपट्टीने ज्यांच्या त्वचेवर पुरळ उठतं त्यांनी राळेपासून दूर राहावं. ही राळ त्वचेच्या ॲलर्जीचं एक परिचित कारण आहे. अशा घरात नुसत्या मेणाचं, सुतळीने बांधायचं झाकणच ठीक.

थंडीत केलेलं कापड छान होतं. एप्रिल लागला आणि ते हाताला चिकट, तेलकट लागू लागलं.
– एक वाचक, नागपूर

नागपूरच्या उन्हाळ्यात हे व्हायचंच. खोबरेल २४ अंशांच्या आसपास पातळ होतं आणि मेण पस्तिशीच्या घरात लोण्यासारखं दबायला लागतं. घरातच ३८-४० अंश असतील तर कापड लिबलिबीत होणार. मेणही तेच, कापडही तेच, फक्त हवा बदलली.

विदर्भ, मराठवाडा, खानदेशासाठी उन्हाळ्याचं प्रमाण वेगळं ठेवा : मेण ४५ ग्रॅम, राळ १२ ग्रॅम, तेल अर्धा चमचा. हे कापड जानेवारीत जरा कडक वाटेल, तळहातांत मिनिटभर दाबून धरलं की वळतं. आधीच तेलकट झालेल्या कापडावर कोरा सुती तुकडा ठेवून इस्त्री फिरवा, तेल आणि मेण दोन्ही थोडं उतरेल. मग वर पाच-सहा ग्रॅम शुद्ध मेण किसून भुरभुरा आणि पुन्हा इस्त्री करा. मे महिन्यात ही कापडं फ्रिजमध्ये ठेवलीत तर निम्मी तक्रार तिथेच संपेल. उन्हात उभ्या गाडीत मात्र डबा विसरू नका. तिथलं तापमान मेणाच्या वितळबिंदूपर्यंत जाऊ शकतं, आणि ते मेण सीटवर उतरलं की निघत नाही.

तेलाबद्दल एक गोष्ट. शेंगदाणा, सूर्यफूल, तीळ ही तेलं यात घालू नका. कापडात पातळ थराने पसरलेलं तेल हवेशी सतत संपर्कात असतं आणि ही तेलं खोबरेलपेक्षा फार लवकर खवट होतात. जोजोबा तेल मुळात द्रवरूप मेण असल्यामुळे खवट होत नाही, पण ते महाग आहे. खोबरेलावर काम उत्तम भागतं.

टोरंटोत करून पाहिलं. फ्रिजमधून काढल्यावर कापडाला भेगा पडतात.
– एक वाचक, टोरंटो

तुमचं गणित नागपूरच्या उलट. मेण ४० ग्रॅम, राळ १२ ग्रॅम, तेल ८ ग्रॅम घ्या. खोबरेल तुमच्याकडे घरातच गोठत असेल, म्हणून जोजोबा वापरलंत तर फरक दिसेल. भेगा पडलेल्या कापडावर इस्त्री फिरवली की त्या बुजतात.

बाजारातलं मेण शुद्ध आहे हे कसं ओळखायचं?
– एक वाचक, सोलापूर

भेसळ मुख्यतः पॅराफिनची, म्हणजे मेणबत्तीच्या मेणाची होते. मधमाशीच्या मेणाचा तुकडा मोडला तर मोड मंद आणि दाणेदार दिसतो. बोटांनी दाबत राहिलं की ते मऊ होऊन वळतं. पॅराफिन बोटाला गुळगुळीत, साबणासारखं घसरतं आणि त्याला मध-परागांचा वास नसतो. रंगावर जाऊ नका. आग्या मोहोळाचं मेण गडद तपकिरीही असतं, आणि फिकट पिवळ्या वड्यांत रंग घातलेला असू शकतो. या घरगुती खुणा आहेत, थोडी भेसळ त्यांतून निसटते. त्यामुळे मध काढणाऱ्याकडूनच मेण घेणं जास्त भरवशाचं.

ठेवलेल्या मेणावर किंवा कापडावर पांढुरकी साय धरली तर ती भेसळ नव्हे, बुरशीही नव्हे. शुद्ध मेणातूनच ती वर येते. केस वाळवायच्या यंत्राची गरम हवा मारा, नाहीशी झाली तर साय. बुरशी अशी विरघळत नाही.

आमच्याकडे सातेरी मधमाश्यांच्या पेट्या आहेत. मध काढल्यावर उरलेल्या पोळ्यांचं मेण यासाठी कसं साफ करायचं?
– एक वाचक, महाबळेश्वर तालुका

तुमच्याकडे सगळ्यात चांगला कच्चा माल आहे. आधी पोळी वेगळी करा. मधाच्या कप्प्यांवरचा पांढुरका पापुद्रा आणि नवी फिकी पोळी एका बाजूला, अंडी-अळ्या वाढलेली काळी पोळी दुसऱ्या बाजूला. कापडासाठी पहिला ढीगच घ्यायचा. काळ्या पोळ्यांत अळ्यांच्या कोषांची सालं साचलेली असतात. ती वितळलेलं मेण शोषून धरतात, त्यामुळे मेण कमी आणि गाळ फार निघतो.

फिकी पोळी थंड पाण्यात तासभर भिजवून दोन-तीनदा खंगाळा, म्हणजे मध निघून जाईल. मध राहिला तर मेणाला जळका वास येतो. ती जुन्या मलमलीच्या पुरचुंडीत बांधा आणि मोठ्या पातेल्यात भरपूर पाण्यात गरम करा. पाणी उकळू द्यायचं नाही, नुसतं वाफाळतं ठेवायचं. खळखळ उकळलं की मेण आणि पाणी घुसळून निघतं आणि थंड झाल्यावर स्पंजासारखं मेण हाती येतं. पाणी जड असेल तरी असंच होतं, म्हणून पावसाचं साठवलेलं पाणी सगळ्यात चांगलं. भांडं स्टीलचं घ्या. लोखंडात मेण काळवंडतं आणि तांब्यात हिरवट होतं.

पुरचुंडी उलथन्याने दाबून पिळा आणि बाहेर काढा. पातेल्यावर झाकण ठेवून भोवती पोतं गुंडाळा आणि रात्रभर हलवू नका. जितकं सावकाश निवेल तितका गाळ नीट खाली बसतो. सकाळी मेणाची चकती आकसून कडेपासून सुटलेली असते. खालचा करडा थर सुरीने खरवडून टाका, चकती पुन्हा वितळवा आणि दुहेरी मलमलीतून गाळा. हे दोनदा केलं की पुरतं.

पोळी तशीच साठवून ठेवलीत तर मेणकिडा ती जाळ्यांनी भरून टाकतो, आठवड्याभरात वितळवून मोकळं व्हा. पेटीत रोग-किडींसाठी औषध वापरलं असेल तर त्या काळातल्या पोळ्यांचं मेण अन्नाच्या कापडाला घेऊ नका, मेणबत्त्यांना ठेवा. शंका वाटली तर महाबळेश्वरचं मध संचालनालय तुमच्या हाकेच्या अंतरावर आहे. पुणेकरांना केंद्रीय मधमाशी संशोधन व प्रशिक्षण संस्था जवळची.

डब्यातल्या पोळ्या यात बांधता येतील का? आणि काय बांधू नये?
– एक वाचक, पुणे

तव्यावरून उतरलेली पोळी थेट नको. एक तर मेण मऊ होऊन पोळीला लागेल, दुसरं म्हणजे वाफ आत कोंडून खालची पोळी ओलीगच्च होईल. पोळ्या पातळ सुती फडक्यात ठेवून कोमट होऊ द्या. गालाला लावून गरम लागली नाही की त्या फडक्यासकट मेणकापडात बांधा. दुपारपर्यंत मऊ राहतात. भाकरीला हाच नियम, फक्त ती जरा जास्त वेळ निवू द्या. वर्तमानपत्रात पोळ्या गुंडाळण्याची सवय असेल तर ती मात्र आज सोडा. छपाईची शाई अन्नाला लागते, आणि २०१८ च्या अन्न-वेष्टन नियमांत वर्तमानपत्राला मनाईच आहे.

पाव, चीज, कोथिंबिरीची जुडी, अर्धी काकडी, चिरलेला कोबी, उरलेला अर्धा कांदा यांच्यासाठी हे कापड फार सोयीचं आहे. कोथिंबीर आधी पुसून कोरडी करा. कांद्यासाठी एक तुकडा वेगळाच ठेवा, वास पटकन जात नाही. वाटीतल्या दह्यावर किंवा उसळीवर झाकण म्हणून ते चालेल, फक्त अन्नाला टेकू देऊ नका. लोणचं, तळलेले पदार्थ, कापलेलं अननस किंवा लिंबू त्यात बांधू नका. तेल आणि आंबट रस दोन्ही लेप खराब करतात.

कच्चं मांस, मासे आणि अंडी अजिबात नकोत. ती ठेवलेली वस्तू गरम पाण्याने धुवावी लागते, आणि हे कापड गरम पाणी सोसत नाही. मायक्रोवेव्हमध्येही ठेवायचं नाही.

पावसाळ्यात कापडाच्या कडांना काळे ठिपके आले.
– एक वाचक, चिपळूण

ती बुरशी आहे. कडेला आल्याचा अर्थ कडा कोऱ्या राहिल्या होत्या. मेण न मुरलेला धागा वातीसारखा पाणी ओढून आत नेतो आणि कोकणातल्या जून-जुलैच्या हवेत ते वाळत नाही. ठिपके आलेली कड कापून उरलेलं वापरू, असा मोह होतो. तो आवरा. बुरशी दिसते त्यापेक्षा आतवर गेलेली असते.

पुढच्या वेळी कापड आधी कापून मग मेण लावा, लावून झाल्यावर कापू नका. चारही कडांवरून ब्रश एकदा जास्तीचा फिरवा. धुताना थंड पाणी, भांड्याच्या साबणाचा एक थेंब आणि बोटं एवढंच. घासणी नको. फडक्याने टिपून पंख्याखाली दोरीवर टांगा आणि दोन्ही बाजू पूर्ण कोरड्या झाल्याशिवाय घडी घालू नका. उन्हात वाळत घालणं कोणत्याच ऋतूत नको. ठेवताना प्लास्टिकच्या डब्यात बंद करू नका, उघड्या खणात उभी गुंडाळी करून ठेवा.

बचत गटातर्फे विकायचं आहे. एका मीटर कापडात किती होतील?
– एका बचत गटाच्या सदस्य, बारामती

११० सेंटिमीटर पन्ह्याच्या एक मीटर कापडात ३३ × ३६ सेंटिमीटरचे नऊ तुकडे बसतात. पॉपलिनचं एक मीटर साधारण १२५ ग्रॅम भरतं, म्हणजे मिश्रण १५० ते १८५ ग्रॅम लागेल. पातेल्याला आणि ब्रशला लागून वाया जाणारं दहा टक्के वर धरा. खर्च काढताना गॅस आणि बेकिंग पेपर विसरले जातात, तेही मांडा.

वेष्टनावर घटक लिहाच, राळेसकट. गरम अन्न आणि कच्चं मांस-मासे नको, थंड पाण्याने धुवा, चिकटपट्टीची ॲलर्जी असणाऱ्यांनी वापरू नये, हेही त्यावर हवं. ‘जंतुनाशक’, ‘अन्न दुप्पट टिकतं’ असले दावे छापू नका. ते सिद्ध करून दाखवायची जबाबदारी तुमच्यावर येईल. प्रत्येक खेपेचा एक तुकडा तारीख घालून गटाकडे ठेवा. मे महिन्यात तक्रार आली तर त्या खेपेचं प्रमाण काय होतं, ते लगेच सापडेल.

एक कापड किती दिवस टिकतं? नंतर त्याचं काय करायचं?
– एक वाचक, पणजी

रोजच्या वापरात सहा महिने ते वर्षभर. घड्यांवर पांढऱ्या रेषा येऊन चिकटपणा गेला की पातळ हाताने पुन्हा मिश्रण लावा, पहिल्याच्या एक तृतीयांश पुरतं. असं दोन-तीनदा करता येतं. धागा विरला किंवा खवट वास यायला लागला की त्याच्या बोटभर पट्ट्या कापून ठेवा. चूल किंवा पाण्याचा बंब पेटवायला एक पट्टी पुरते, ओल्या लाकडालाही ती धरून जळते. बुरशी आलेल्या कापडाचाही हाच शेवट करावा.